कुलपे नसलेल्या देशातले कुलूप

मित्रांनो, ज्या देशात कुणी दाराला कुलूप लावत नाही असे तुम्ही धड्यात वाचले आहे, त्याच देशातले मी एक जुने कुलूप आहे. हसू नका. धडा लिहिणाऱ्यांच्या घरीही माझी भावंडे होती, फक्त ती ट्रंकेच्या तळाशी होती. सध्या मी पोलीस चौकीच्या कपाटात, 'मुद्देमाल' अशी चिठ्ठी बांधलेल्या कापडी पिशवीत पडून आहे. तोंड बंद ठेवणे हाच माझा जन्मभराचा धंदा, त्यामुळे आता बोलायला लागले आहे तर जरा लांबेल. कुरकुर न करता ऐका.

माझा जन्म चष्मेवाल्या काकांच्या कारखान्यात झाला. कारखाना म्हणजे एक लांबट खोली, खिडकीखाली बाक, बाकावर कानशी, हातोड्या आणि चोच असलेली तेलाची डबी. मला सात खटके आहेत. काका तीन खटक्यांचीही कुलपे करीत, पण त्यांना ते 'नावापुरती' म्हणत. माझा एकेक खटका त्यांनी कानशीने घासला, कानाशी नेऊन वाजवून पाहिला, नाही पटला तर पुन्हा घासला. चावी फिरली आणि सातही खटके एकदम उठले तेव्हा ते म्हणाले, "आता हे कुणाच्या बापाला ऐकायचं नाही." माझ्या आयुष्यातले पहिले कौतुक ते. मी अजून विसरलेले नाही.

मला एका म्हाताऱ्या बाईंनी विकत घेतले. त्या शिवणकाम करीत. घर म्हणजे गल्लीवर थेट उघडणारी एकच खोली. एक मशीन, एक पलंग, कापडाच्या गठ्ठ्यांची फळी. आजी बाहेर निघाल्या की मला लावीत आणि दोनदा ओढून पाहत. मला त्याचा राग येत नसे. ज्याचे जळते त्याला कळते, आणि त्यांच्या खोलीत लोकांचे कापड असे.

आता एक गोष्ट नीट ऐका, कारण पुढचा सगळा घोळ तिच्यातून झाला. आमच्या गावात वर्षातून एकदा, दमट महिने सुरू होण्याच्या आधी, कुलपांचे तेलपाणी होई. तीन दिवस. सगळे गाव आपापली कुलपे काढून काकांच्या कारखान्यात आणून देई. काका ती उघडत, गंज काढत, तेल घालत आणि चौथ्या दिवशी परत देत. मग त्या तीन दिवसांत घरांचे काय? घराघरातले कुणीतरी पाळीपाळीने उंबऱ्यावर बसे. आजी समोरच्या न्हाव्याचे दार बघत, न्हावी आजींचे. गप्पा होत, भांडणे होत, उसनी साखर फिरे. पण नजर दारावर असे.

नेमका त्या तीन दिवसांत एक परदेशी प्रवासी गावात आला. उंच, गोरटेला, खांद्याला कॅमेरा, हातात वही. त्याला काय दिसले? एकाही दाराला कुलूप नाही. लोक उंबऱ्यावर मजेत बसलेले. त्याने फोटो काढले, ज्याने चहा दिला त्याचा चहा प्यायला. तिसऱ्या दिवशी तो कारखान्यातही आला. बाकावर, जमिनीवर, खिडकीत मिळून आम्ही तीनशेच्या वर कुलपे होतो. त्याने मलाच उचलले, तळहातावर तोलले, हसला आणि वहीत काहीतरी लिहून घेतले. कुणालाही काहीही विचारले नाही. दुपारच्या गाडीने निघून गेला.

दोन वर्षांनी त्याचे पुस्तक आले. त्यात लिहिले होते की या देशात चोरी हा शब्दच नाही, दारांना कुलपे नाहीत, कुणीही पाहुण्याने कुठल्याही घरात शिरावे. आणि कारखान्यातली ती कुलपे? ती म्हणे हे भले लोक इतर देशांना विकण्यासाठी बनवतात.

हे वाचून काका इतके हसले की चष्मा बाकाखाली गेला. सगळी गल्ली हसली. आजी म्हणाल्या, "बरंय की. आपल्याला न विचारता आपण साधूसंत झालो." तेव्हा कुणी त्या प्रवाशाला दोन ओळींचे पत्र लिहिले असते तर गोष्ट तिथेच संपली असती. पण हसण्यासारख्या गोष्टीला कोण पत्र लिहितो? आणि खरे सांगायचे तर सगळ्यांना आतून गोड वाटत होते. त्या पुस्तकाने आख्ख्या देशाला हरभऱ्याच्या झाडावर चढवले होते, आणि वरून दिसणारा देखावा छान होता.

मग पाहुणे येऊ लागले. पाहुणे यायचे असले की लोक घटकाभर कुलूप काढून ठेवू लागले. पुढे टपाल तिकिटावर उघडे दार आले. शाळेत धडा आला, त्यावर प्रश्न आले, 'आपल्या देशात कुलपे का नाहीत? चार ओळींत लिहा.' मुले चार ओळी लिहीत आणि घरी येऊन कुलूप उघडून आत जात. मग सरकारात कुणाला तरी वाटले की जग आपल्याला ओळखते ते यामुळेच. तेव्हा तसेच असले पाहिजे. हुकूम निघाला. बाहेरचे कोयंडे काढले गेले. पुढे कुणाच्या तरी फोटोत आतली कडी दिसली, म्हणून आतल्या कड्याही गेल्या. आमची गल्ली तर 'पाहण्याची गल्ली' ठरली; सकाळी दहा ते पाच दारे लोटलेली चालतील, लावलेली नाहीत. काकांच्या कारखान्यात पितळेच्या शोभेच्या मुठी बनू लागल्या आणि त्यांना एक मानपत्र मिळाले.

कुलपे जमा करायला माणसे आली तेव्हा आजींनी मला चावीसकट बटणांच्या डब्यात तळाशी घातले आणि वरून दोन मुठी बटणे ओतली. "आमच्याकडे कुठलं आलंय कुलूप," त्या म्हणाल्या. असे प्रत्येक घराने केले असणार, हे मला तेव्हा कळले नाही. प्रत्येकाला वाटत होते, खोटे फक्त आपणच बोलतो आहोत.

मी त्या डब्यात वीस वर्षे राहिले. आजी गेल्या. मशीनवर त्यांची सून बसू लागली. गल्ली तिला मशीनवाली वहिनी म्हणे. वहिनींचे यजमान दूरच्या बंदरात कामाला, वर्षातून एकदा येत. त्यांना एक मुलगी होती, अंगाने काडी आणि ओठांत कायम टाचण्या धरलेली, म्हणून तिचे नाव टाचणीच पडले. टाचणीचा हात काजांत बसलेला होता. बटणाचे काज ती असे विणी की उलटसुलट ओळखू येऊ नये. डबा उघडताना तिची बोटे कधी कधी माझ्यापर्यंत पोचत आणि ती मला तसेच खाली ढकली. आईने तिला सांगून ठेवले होते.

चोऱ्या होत नव्हत्या असे समजू नका. होत होत्या, पण चोरी म्हणायची सोय नव्हती. चौकीतल्या वहीत फक्त 'हरवले' आणि 'सापडले' असे दोन रकाने होते. न्हाव्याचे रेझर हरवले, कोपऱ्यावरच्या बाईचे पातेले चुलीवरून हरवले, आत भाजी असताना. उंबऱ्यावर बसून राखण करणेही बंद झाले होते, कारण राखण करणे म्हणजे संशय घेणे. कुणी कुरकुरले तर ऐकवले जाई, "चोराच्या मनात चांदणं. तुलाच का भीती वाटते?"

त्या सुमारास आमच्या गल्लीत पाहुणे फिरवायला एक माणूस नेमला गेला. त्याच्या हातात काठीला लावलेला लहानसा झेंडा असे, म्हणून त्याला झेंडेवाला म्हणत. गोडबोल्या, नेहमी इस्त्रीच्या कपड्यांत. 'या देशात दार हे फक्त वाऱ्यासाठी असतं,' हे वाक्य तो दिवसातून दहा वेळा म्हणे आणि पाहुणे टाळ्या वाजवीत. वहिनी रोज दुपारी गणवेशांच्या कारखान्यात मापे द्यायला जात. टाचणी घरी एकटी काजे विणत बसे. हे झेंडेवाल्याच्या लक्षात आले.

पहिल्या दिवशी तो पाहुण्यांबरोबर आला. दुसऱ्या वेळी एकटाच. काही म्हणाला नाही, पलंगाच्या कडेवर बसून राहिला. टाचणीने विचारले, "काही हवंय का?" तो म्हणाला, "नाही. दार उघडंच होतं." मग रोज. कधी शिवलेले कपडे उलगडून पाही, कधी आई किती वाजता येते ते विचारी. टाचणी आधी काम करताना गुणगुणत असे, ते थांबले. मला डब्यातून फक्त मशीनचा आवाज येई, आणि तो आत आला की तोही बंद पडे.

एके दिवशी तो फळीशी आला आणि त्याने माझा डबाच उचलला. हलवून पाहिला.

"यात काय आहे?"

"बटणं," टाचणी म्हणाली.

"जड आहेत."

"पितळी आहेत."

त्याने झाकण उघडले. बोटे बटणांत घातली. माझ्यावर बटणांचा फक्त एक थर उरला होता. मित्रांनो, सात खटक्यांचे कुलूप मी, पण त्या घटकेला माझा एकही खटका जागेवर नव्हता. टाचणीचा श्वास मला ऐकू येत होता. तेवढ्यात गल्लीतून पाहुण्यांची हाक आली. त्याने डबा ठेवला, आणि जाता जाता तिच्या गळ्यातली मोजपट्टी ओढून काढली, हातावर गुंडाळली आणि खिशात घातली. "येतो उद्या," तो म्हणाला.

त्या संध्याकाळी टाचणीने आईला सगळे सांगितले. वहिनी तशाच चौकीत गेल्या. परत आल्या तेव्हा चपला न काढता पलंगावर बसल्या.

"हवालदार म्हणतात, काय हरवलं ते सांगा. मी म्हटलं, अजून काही हरवलेलं नाही, हरवू नये म्हणून आले. ते म्हणतात, त्याला रकाना नाही. मोजपट्टी लिहू का, म्हणाले."

"मग?"

"मग काय. पोरीला दार लावून घ्यायला सांगा म्हणाले, आणि वही मिटली. दार लावता येत नाही हे त्यांनाही माहीत आहे."

हवालदार वाईट माणूस नव्हता. चांगल्या माणसांचा रकान्यापुढे इलाज चालत नाही, एवढेच.

दुसऱ्या दिवशी सकाळी वहिनी मशीनवर बसल्या नाहीत. त्यांनी बटणे पलंगावर ओतली, मला आणि चावीला फडक्यात गुंडाळले आणि चष्मेवाल्या काकांकडे गेल्या. काका आता फार म्हातारे झाले होते. मला पाहताच त्यांनी आधी खिडकी लावली.

"हे कुठून आणलंस? सासूनं ठेवलं होतं ना? ती ठेवणारच." त्यांनी चावी घातली. मी जागचे हलले नाही. वीस वर्षांत मी आतून गंजले होते आणि मला त्याची लाज वाटली. काका म्हणाले, "तेल घालतो. पण लावू नकोस, पोरी. माझ्या भिंतीवर मानपत्र आहे. उद्या विचारतील, कोयंडा कुणी दिला."

वहिनींनी त्यांना झेंडेवाल्याचे सांगितले. काकांनी चष्मा काढला.

"तेव्हा आम्ही हसत बसलो," ते म्हणाले. "तो प्रवासी इथं, या बाकापाशी उभा होता. सांगायचं होतं, ही कुलपं तेलपाण्याला आलीत, गावाचीच आहेत. मला त्याची भाषा येत नव्हती, पण हातवारे करता आले असते. माझ्या मनात आलं, जाऊ दे, दोन दिवसांचा पाहुणा."

त्यांनी माझे खटके सोडवले, तेल घातले, अडगळीतून एक कोयंडा आणि चार स्क्रू शोधून दिले. वहिनींनी तो कोयंडा दाराच्या आतल्या बाजूला मशीनच्या पेचकसाने स्वतः बसवला. लाकडाचा भुसा पदराने पुसून घेतला. बाहेरून काही दिसत नव्हते. दुपारी त्या कामावर गेल्या आणि टाचणीने मला आतून लावले. वीस वर्षांनी कोयंड्यात अडकणाऱ्या माझ्या कमानीवर भार आला. मला किती बरे वाटले ते मी सांगू शकत नाही.

झेंडेवाला नेहमीच्या वेळी आला. त्याने दार ढकलले. मी धरून ठेवले. त्याने पुन्हा ढकलले, जरा जोराने. टाचणी चावी मुठीत धरून भिंतीला टेकून उभी होती. मग तो दाराच्या फटीशी तोंड आणून हळूच बोलला.

"हुशार आहेस. मी कुणाला सांगणार नाही. उद्या ते पुस्तकवाले साहेब येणार आहेत ना, इतक्या वर्षांनी? कुठली घरं दाखवायची ते मीच ठरवतो. तुझंच दार पहिलं ठेवतो. उद्या तर उघडशील?"

वहिनी आल्यावर त्यांचा धीर सुटला. "कुलूप काढून टाकू," त्या म्हणाल्या. "उद्याचा दिवस तू कारखान्यात माझ्याबरोबर चल. साहेब येऊन जाऊ देत."

"आणि परवा?" टाचणीने विचारले.

दोघी जेवल्या नाहीत. शेवटी टाचणी म्हणाली, "मी घरातच बसणार. काम पडलंय. तू कारखान्यात जाऊ नकोस, बाहेर उभी राहा." इतकी काडीसारखी मुलगी, पण बोलली त्याचे वजन माझ्याही कमानीला जाणवले.

दुसऱ्या दिवशी सकाळपासून गल्ली झाडून लख्ख केली होती. लोक आपापल्या दारात उभे होते. मी आतून लावलेले होते, त्यामुळे पुढचे बरेचसे मी ऐकलेले सांगते. बुटांचे आवाज आले, टाळ्या आल्या. झेंडेवाल्याचे ते वाऱ्याचे वाक्य आले. मग स्वागत खात्याचे साहेब म्हणाले, "आणि हे आमच्या शिवणकाम करणाऱ्या भगिनीचं घर." आणि दारावर हात पडला.

दार उघडले नाही.

"दमटपणानं फुगलं असेल," साहेब हसत म्हणाले आणि त्यांनी खांदा लावला. कोयंड्याचे स्क्रू लाकडात करकरले. टाचणी माझ्यापासून हातभर अंतरावर उभी होती. तिच्या हातात चावी होती, आणि ती लावावी की नाही हे तिच्याशिवाय कुणीच ठरवू शकत नव्हते. "उघड, पाहुणे आलेत," झेंडेवाल्याचा गोड आवाज आला. मग शेजारचे आवाज सुरू झाले. उघड गं. पाच मिनिटांचा प्रश्न आहे. देशाचं नाव आहे. साहेबांनी दुसऱ्यांदा खांदा मारला आणि एक स्क्रू अर्धा बाहेर आला. उरलेल्या तिघांवर मी सगळा भार टाकला. माझ्यात तेवढेच होते.

"थांबा," वहिनींचा आवाज आला. "दार फुगलेलं नाही. आत कुलूप आहे."

कुणाच्या तरी हातातली फुलांची पिशवी खाली पडलेली ऐकू आली. साहेब खालच्या आवाजात म्हणाले, "बाई, झाकली मूठ सव्वा लाखाची. आत्ता नको."

प्रवाशाने आपल्या भाषेत काहीतरी विचारले. त्याच्याबरोबर एक दुभाषी मुलगी होती. साहेबांनी तिला सांगितले, "सांगा, दार जुनं आहे." ती मुलगी थोडी थांबली. मग ती बोलली ते मला समजले नाही, पण ते 'दार जुनं आहे' एवढे छोटे नक्कीच नव्हते. त्यानंतर प्रवासी बराच वेळ हळू आवाजात बोलला. दुभाषी म्हणाली, "ते विचारतात, कुलूप कशासाठी? आणि म्हणतात की हे मी लिहिलं तर तुमच्या देशाचं नाव जाईल. लिहू की नको, ते तुम्हीच सांगा."

तीस वर्षांत त्याने पहिल्यांदा काही विचारले होते. सगळ्यांना वाटले, आता ही बाई त्याच्यापुढे रडेल, नाही तर माफी मागेल.

"त्यांना म्हणावं, तुमच्या पुस्तकाचं तुम्ही बघा," वहिनी म्हणाल्या. "मला आमच्या हवालदारांशी बोलायचंय."

हवालदार बंदोबस्ताला तिथेच उभा होता. तो पुढे आला. "वहिनी, कुलूप लावणं गुन्हा आहे. मला लिहावं लागेल."

"लिहा. त्याचसाठी सांगतेय. माझ्यावर गुन्हा लिहा. त्या कागदात 'कारण' असा रकाना आहे ना?"

होता. कुणाचा कुणावर अविश्वास आहे हे सरकारला कळावे म्हणून तो ठेवलेला होता. चोरीला रकाना नव्हता, भीतीला रकाना नव्हता, पण कुलपाच्या कारणाला होता. हवालदाराने कागद काढल्याचा आवाज आला.

"बोला."

वहिनी बोलू लागल्या, तसा झेंडेवाला मध्येच म्हणाला, "बाई खोटं बोलतात. मी पाहुण्यांशिवाय या घरात गेलेलोच नाही. पुरावा आहे का काही?"

तेव्हा टाचणी हलली. तिने मशीनवरची मापांची वही उचलली, दारापाशी खाली बसली आणि वही दाराखालच्या फटीतून बाहेर सरकवली. दार मात्र उघडले नाही.

बाहेर पाने उलटली गेली. हवालदार मोठ्याने वाचू लागला, आणि वाचता वाचता त्याचा आवाज खाली येत गेला. टाचणीने प्रत्येक दिवसाची तारीख लिहून ठेवली होती. तो आला. चार काजं होईपर्यंत बसला. तो आला. सात काजं. तो आला, आई कधी येते विचारलं, अकरा काजं. तो आला. एकही काज झालं नाही. मोजपट्टी नेली.

घड्याळ त्या खोलीत नव्हते. तिच्याजवळ जे माप होते, त्याने तिने मोजले होते.

"ही वही कुणीही लिहील," झेंडेवाला म्हणाला. पण तेवढ्यात समोरचा न्हावी बोलला. इतकी वर्षे तो 'आपल्याला काय करायचंय' या वाक्यावर दुकान चालवीत होता. "माझ्या आरशात हे दार दिसतं," तो म्हणाला. "मी त्याला आत जाताना पाहिलंय. एकटा. बरेच दिवस. मी बोललो नाही, माझंही लिहा."

स्वागतसाहेब पाहुण्यांना घेऊन घाईने पुढे निघाले. बुटांचे आवाज लांब गेले. प्रवाशाने नंतर काय लिहिले, लिहिले की नाही, मला माहीत नाही, आणि वहिनींनी आजपर्यंत विचारलेले नाही. झेंडेवाल्याला दोन शिपाई चौकशीसाठी घेऊन गेले. मग हवालदाराने दारावर बोटाने हलकेच वाजवले.

"पोरी, तो गेला. उघड."

"आईला सांगू दे," टाचणी म्हणाली.

"गेला गं," वहिनी म्हणाल्या.

तिने चावी घातली. माझे सातही खटके एकदम उठले. दार उघडल्यावर वहिनी आत आल्या आणि लेकीला धरून खाली बसल्या, आणि मग रडल्या. हवालदार तोंड वळवून उभा राहिला. थोड्या वेळाने तो म्हणाला, "कुलूप मला न्यावं लागेल. मुद्देमाल आहे. आणि चावी."

टाचणीने मला कोयंड्यातून काढून त्याच्या हातात दिले. चावी तिने दोऱ्यात ओवून गळ्यात घातली.

"कुलूप घ्या," ती म्हणाली. "चावी मी देणार नाही."

हवालदाराने त्यावर वाद घातला नाही.

चौकीत आणून त्याने मला टेबलावर ठेवले, कागद भरले, चिठ्ठी बांधली. त्याला तो रिकामा कोयंडा आठवत असावा, कारण मलाही तोच आठवत होता. आज रात्री त्या दाराला काय? शेवटी तो उठला, आपली लोखंडी पेटी उघडली, घडी घातलेले गणवेश बाजूला केले आणि तळातून रुमालात बांधलेली एक वस्तू काढली. रुमाल सुटला. माझ्यासारखेच एक पितळी कुलूप, पाच खटक्यांचे, तेल घालून चकचकीत ठेवलेले. त्याने ते खिशात घातले, टोपी काढून ठेवली आणि साध्या वेशात आमच्या गल्लीच्या दिशेने निघून गेला.

मित्रांनो, दुसऱ्याने आपल्याला चांगले म्हटले की गोड वाटते. वाटू द्या, त्यात पाप नाही. मीही त्या प्रवाशाच्या तळहातावर असताना फुगलेच होते. पण त्याने दिलेले नाव सांभाळायला घरातल्या कुणाला भीत भीत जगावे लागत असेल, तर ते नाव आपले नाही. आपण कोण आहोत हे आपल्या दारामागे एकटे बसलेल्या माणसाला आधी विचारावे.

पुढच्या आठवड्यात वहिनींवरचा कुलपाचा खटला उभा राहणार आहे. मला तिथे नेतील आणि टाचणीला साक्षीला बोलावतील. खोली गच्च भरलेली असेल, आणि कुणीतरी तिला नक्की सांगेल की जपून बोल, बाहेरचे लोक ऐकत आहेत, देशाच्या नावाचा प्रश्न आहे. तुम्ही त्या खोलीत असाल तर माझे एवढेच मागणे आहे. त्या माणसाला गप्प बसवा, आणि तिचे बोलणे पुरते होऊ द्या.